बरं आहे ना?

मला ‘ना’ या अक्षराचा राग आहे. नकारातल्या ‘ना’चा नव्हे, तो बिचारा सरळ आहे. प्रश्नाच्या शेपटाला चिकटतो, त्याचा. ‘येताय ना?’ ‘आवडलं ना?’ ‘बरं आहे ना?’ समोरच्याच्या हातात उत्तर आधीच कोंबायचं आणि मग तोंडदेखलं विचारायचं. घरात, शेजारीपाजारी चालत असेल ते. मी अपघात विभागात डॉक्टर आहे. तिथे हे एक अक्षर माणसाचा हात घेऊन जाऊ शकतं.

त्या दुपारी तो चालत आला होता. मानेचे पेशंट चालत येतात तेव्हा मला जास्त धास्ती वाटते. स्ट्रेचरवरून आलेल्याला निदान कोणीतरी आडवं केलेलं असतं. हा बाकावर रांगेत बसला होता, हनुवटी तळहातावर टेकवून, गहन विचारात असल्यासारखा. शेजारी एक काका होते. त्यांच्या एका गालावर साबण वाळून पांढरा झाला होता आणि दुसरा गाल गुळगुळीत होता.

काकांनीच हकीकत सांगितली. हा सलूनवाला, ते त्याचं नेहमीचं गिऱ्हाईक. अर्धी दाढी झाल्यावर टॉवेल हवा म्हणून हा शिडीवरून माळ्यावर चढला, शिडी सरकली आणि हा डोक्यावर आपटला.

“मग मी त्याला उठवून बसवलं, पाणी पाजलं,” काका म्हणाले. “आणि स्कूटरवर मागे बसवून घेऊन आलो. म्हटलं, घट्ट धरून बसशील ना? त्याने मान डोलावली.”

मी कपाळावर हात मारायचा बाकी ठेवला. ज्याची मान मोडली असू शकते त्याला उठवून बसवलं, पाणी पाजलं, स्कूटरवर खड्ड्याखड्ड्यांतून आणलं, आणि हे सगळं प्रेमापोटी. चिडायचं तरी कोणावर? आणि एवढी शहाणी मी, मी तरी काय केलं? त्याच्यासमोर वाकून विचारलं, “मान दुखतेय?”

त्याने मान हलवून हो म्हटलं.

आपल्याकडे होकार तोंडातून येतच नाही, मानेतून येतो. हे मला शाळेपासून माहीत असायला हवं होतं. मी पुढे झेपावून दोन्ही तळहातांनी त्याचं डोकं कानांपाशी पकडलं. “आता फक्त तोंडाने बोलायचं. मान हलवायची नाही. कळलं?”

माझ्या तळव्यांत त्याच्या होकाराची सुरुवात मला जाणवली. मी बोटं आणखी घट्ट केली.

“कळलं, मॅडम,” तो म्हणाला. “मी रोज लोकांना हेच सांगतो. मान हलवू नका. हे इतकं अवघड असतं ते आज समजलं.”

मी सिस्टरला हाक मारली आणि मानेचा पट्टा मागितला. सिस्टरने दोन आणले. एक त्याच्या नाकापर्यंत येत होता, दुसरा लहान मुलाचा होता. मधल्या मापाचे कपाटात होते, कपाटाची किल्ली स्टोअरवाल्याकडे होती आणि स्टोअरवाला जेवायला गेला होता. हा माणूस दिवसातून किती वेळा जेवतो, यावर कोणीतरी संशोधन करायला हवं. सिस्टर बाहेर उभ्या असलेल्या ॲम्ब्युलन्समध्ये पट्टा आहे का बघायला धावली आणि मी डोकं धरून तशीच वाकून उभी राहिले.

डोकं जड असतं. दोन मिनिटांत मनगटं बोलायला लागतात. पण खरा ताप वजनाचा नव्हता. केसपेपरवाला खिडकीतून ओरडला, “पहिल्यांदाच आलात ना?” माझ्या हातांत मान हलू पाहत होती. काकांनी वाकून विचारलं, “घाबरला नाहीस ना रे?” पुन्हा तेच. झाडू मारणाऱ्या मावशी जाता जाता कळवळून म्हणाल्या, “पडलात होय?” तेव्हा मात्र माझा तोल गेला.

“याला कोणीही काहीही विचारायचं नाही,” मी म्हणाले. “हवापाण्याचं सुद्धा नाही.”

“रागावू नका मॅडम, चांगली माणसं आहेत,” खालून आवाज आला. “तुमचे हात दुखत असतील.”

पट्टा मिळाला. मग आम्ही चौघांनी मिळून त्याला आडवं केलं. डोकं माझ्याकडे, खांदे, कंबर, पाय बाकीच्यांकडे, सगळं अंग एकाच वेळी, मधे कुठे पीळ न देता. डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या लावल्या आणि कपाळावरून चिकटपट्टी. श्वास ठीक, नाडी ठीक, दोन्ही पाय हलत होते, दोन्ही हातांच्या मुठी वळत होत्या. फक्त उजव्या हाताच्या करंगळीत आणि तिच्या शेजारच्या बोटात मुंग्या आल्यासारखं लागत होतं.

“बारीकसंच आहे,” तो म्हणाला.

“बारीक की मोठं ते मी ठरवेन.”

पहिल्या एक्स-रेत काही दिसलं नाही. “मान नॉर्मल आहे,” एक्स-रेवाला खुशीत म्हणाला. फोटोत मानेतला सगळ्यात खालचा मणका खांद्यांच्या मागे लपलेला होता. न दिसलेल्या गोष्टीला नॉर्मल म्हणण्याची ही पद्धत मला कधीच झेपलेली नाही. मी स्कॅनचा हट्ट धरला, त्यासाठी दोन फोनवर भांडले, एका लिफ्टसाठी ताटकळले. आणि स्कॅनमध्ये तो दिसला. मानेतला शेवटचा मणका पाठीच्या पहिल्या मणक्यावर पुढे सरकून अडकला होता, शर्टाचं बटण चुकीच्या काजात जावं तसा. मागून मज्जारज्जू जातो, त्याला चिमटा बसत होता, पण तो अजून शाबूत होता. मणका आणखी थोडा सरकला असता तर हात गेले असते, पाय गेले असते, बरंच काही गेलं असतं.

मी त्याला हे झेपेल एवढं सांगितलं. त्याने छताकडे बघत ऐकून घेतलं आणि एकच विचारलं. “कात्री धरता येईल?”

“का नाही येणार?”

“कात्रीच्या एका कडीत अंगठा जातो,” तो म्हणाला, “आणि दुसऱ्या कडीत हे मुंग्यावालं बोट. करंगळीच्या शेजारचं. सगळा खेळ त्याचा आहे. म्हणून विचारलं.”

आमचे मणक्यांचे सर्जन म्हणजे ‘सर’. हात सोन्यासारखे, स्वभाव हसरा, आणि कायम एक पाय दाराबाहेर. त्यांनी स्कॅन पाहिला आणि ठरवलं, डोक्याला चिमटा लावून, दोरीने थोडं थोडं वजन टांगून मान ताणायची, म्हणजे मणका उचलला जाऊन आपल्या जागी बसेल. हे पेशंट जागा असताना करतात. कारण ताणताना मज्जारज्जूवर दाब वाढला तर ते यंत्राच्या आधी पेशंटला कळतं. हात बधिर झाला, मुंग्या वाढल्या, की त्याने सांगायचं आणि आपण थांबायचं. सगळी भिस्त त्याच्या सांगण्यावर.

ही गोष्ट मी बाहेर त्याच्या बायकोला समजावून सांगत होते. ती सलूनला कुलूप घालून आली होती आणि चाव्यांचा जुडगा अजून मुठीत होता. तिने सगळं ऐकलं आणि चेहरा पाडून म्हणाली, “मॅडम, मग अवघड आहे.”

“का?”

“हे नाही म्हणत नाहीत. कोणालाच. सगळे ह्यांना होयबा म्हणतात. खुर्चीत बसलेला माणूस म्हणाला सरकार चांगलं, की हे म्हणणार चांगलं. पुढचा म्हणाला भिकार, की भिकार. मी विचारलं, अहो, भाजीत मीठ बरोबर आहे ना, तर हो. मग मी खाल्ली तर मीठ घालायचीच विसरलेली.” ती थोडी हसली, मग हसू ओसरलं. “लग्नाच्या वेळी माझ्या वडिलांनी विचारलं, मुलगी पसंत आहे ना? ह्यांनी मान हलवली. मी खरंच पसंत होते की नाही, ते मला अजून कळलेलं नाही.”

मी आत जाऊन सरांना सांगितलं, “सर, हा माणूस खरं सांगणार नाही.”

“स्वतःच्या मानेबद्दल कोण खोटं बोलतं?” सर हसत म्हणाले.

“हा बोलेल. भिडेखातर बोलेल. त्याला प्रश्न विचारताना शेवटी ना लावू नका.”

“काय लावू नको?”

“ना. बरं आहे ना, दुखत नाही ना, असलं काही नको.”

सरांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मला झोपेची गरज आहे. कदाचित होतीही. मी वाद वाढवला नाही.

कानांच्या वरच्या बाजूला सुन्न करायची सुई दिली, चिमट्याचे खिळे बसवले, दोरी उशाकडच्या चाकावरून खाली सोडली. छातीवरून आडवा पडदा होता, त्यामुळे त्याला स्वतःचे हात दिसत नव्हते. सर उशाशी वजनापाशी आणि स्क्रीनवरच्या फोटोपाशी, मी उजव्या हातापाशी. एका वेळी एक वजन, मग फोटो, मग तपासणी.

पहिलं वजन लागलं. “बरं आहे ना?” सरांनी मोकळ्या आवाजात विचारलं.

“बरं आहे, सर.”

मी सरांकडे पाहिलं. सरांनी जीभ चावली. पुढचं वजन लावून त्यांनी चूक सुधारली. “दुखत नाही ना?”

“नाही, सर.”

असा तो माणूस. ‘आहे ना’ म्हणा, आहे. ‘नाही ना’ म्हणा, नाही. प्रश्नाच्या मापाचं उत्तर शिवून देत होता. मी ठरवलं की हो-नाहीच्या भानगडीत पडायचंच नाही. ज्याला हो म्हणता येणार नाही असं काहीतरी विचारायचं.

“मी तुमचं कुठलं बोट धरलंय?”

“अंगठा.” बरोबर.

पुढचं वजन. “आता?”

“मधलं.” बरोबर. माझा जीव जरा खाली आला. फोटोत मणका वर उचलला जात होता. सर खूश होते. “शाब्बास,” ते म्हणाले, “होत आलंय. अजून थोडंच.”

पुढचं वजन लागलं. मी करंगळीच्या शेजारचं बोट धरलं. “आता कुठलं?”

तो थोडा थांबला. “करंगळी.”

मी नुसती गप्प राहिले, एवढंच. आणि त्या गप्प बसण्यातच त्याला काहीतरी कळलं. आयुष्यभर पाठीमागे उभं राहून लोकांचे मूड ओळखणारा माणूस तो. लगेच म्हणाला, “नाही नाही, तिच्या शेजारचं.”

“झालं, सांगितलं की,” सर म्हणाले. “लावू ना पुढचं?”

“लावा, सर,” होयबा म्हणाला. प्रश्न मला होता.

वजन लागलं. फोटोत मणका अगदी उंबरठ्यावर आला होता. मी त्याचा हात गादीवर ठेवला, माझे दोन्ही हात काढून पाठीमागे घेतले आणि विचारलं, “आता मी कुठलं बोट धरलंय?”

“अंगठा,” तो म्हणाला. खात्रीने, अदबीने, मला बरं वाटावं अशा आवाजात.

मी सरांकडे वळले. “सर, वजन काढा.”

“एक मिनिट. बसतोच आहे. हे बघ.”

“सर, त्याला हात कळत नाहीये. काढा.”

हे मात्र सरांचं मानायला हवं. मणका जागेवर जायला केसभर उरला होता, तरी त्यांनी एक शब्द न बोलता वजनं उतरवली. त्यांचा चेहरा उतरला तो मी नंतर पाहिला. मी पडद्याला वळसा घालून गेले आणि त्याच्या डोळ्यांसमोर येईन अशी वाकले.

“मी तुमच्या हाताला हातच लावला नव्हता.”

तो माझ्याकडे बघत राहिला. शाळेत उत्तर चुकल्यावर मुलं बघतात तसं.

“कधीपासून कळत नाहीये?”

“मधल्या बोटापर्यंत कळत होतं,” तो म्हणाला. “नंतर नाही.”

“मग बोलला का नाहीत?”

“सर म्हणाले, होत आलंय. तुम्ही सगळे एवढे धडपडताय. तुम्ही तर मघापासून माझं डोकं धरून उभ्या होता. म्हटलं, आत्ता कुठे नाट लावायचा.”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी त्याला काय काय बोलले ते सगळं आता आठवत नाही. एवढं आठवतं की मी म्हणाले, आम्हाला खूश करायला तुम्ही आमची दाढी करायला बसलेला नाहीत. तुमच्या भिडेपायी तुमचा हात गेला असता आणि आम्ही तुम्हाला शाब्बास म्हणत राहिलो असतो. तो निमूट ऐकत होता. डोळ्यांच्या कडेने पाणी कानाकडे ओघळत होतं आणि त्याला ते पुसता येत नव्हतं. सिस्टरने पुसलं आणि माझ्याकडे डोळे वटारले. बोलून झाल्यावर मला माझीच लाज वाटली. त्याला ओरडणं सोपं होतं. त्याला घडवणारे सगळे तिथे हजर नव्हते.

“आता सांगा,” मी आवाज खाली आणून म्हणाले. “काय होतंय? माझ्यासाठी नाही, खरं सांगा.”

त्याची नजर माझ्यावरून छताकडे गेली. मग म्हणाला, “भीती वाटतेय. हात आहे की नाही तेच समजत नाही.”

वजनं काढल्यावर मूठ पुन्हा थोडी थोडी वळायला लागली. दुसऱ्या प्रकारचा स्कॅन केला तेव्हा कारण दिसलं. मणक्यांमधली गादी फाटून मागे आली होती आणि ताणताना तीच मज्जारज्जूवर दाबली जात होती. आता ऑपरेशनशिवाय मार्ग नव्हता. त्याला तसाच जपून ऑपरेशनला नेलं. पुढून मान उघडून सरांनी गादी काढली, मणका जागेवर बसवला आणि पट्टी-स्क्रूंनी पक्का केला.

मी बाहेर त्याच्या बायकोपाशी बसले होते. आत काय घडलं ते मी तिला सांगून टाकलं होतं. ती चिडली नाही. चाव्या एका हातातून दुसऱ्या हातात घेत राहिली आणि म्हणाली, “आम्हीच त्यांना असं करून ठेवलंय. नाही म्हणाले असते तर आम्हाला चाललं असतं का?”

सर दमलेले, पण समाधानी बाहेर आले. “मणका बसला,” ते तिला म्हणाले. “पाय छान हलवतोय. उजव्या हाताचं आत्ताच सांगता येणार नाही. वाट बघावी लागेल. घाबरला नाहीत ना?”

तिने मान हलवली. मी सरांकडे बघायचं सोडून दिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी वॉर्डात गेले. तो गळ्यात जाड पट्टा घालून उताणा पडला होता, बायको पायापाशी उभी होती. चेहऱ्यावर रंग आला होता. डाव्या हाताने त्याने मला नमस्कार केला. मी त्याला डोळे मिटायला लावले आणि उजवा हात हातात घेतला.

“कुठलं बोट?”

“अंगठा.”

“आता?”

“त्याच्या शेजारचं.”

“आणि हे?”

“मधलं. पण हातमोजा घातल्यासारखं लागतंय. कालच्यापेक्षा कमी कळतंय.”

तक्रार ऐकून मला इतका आनंद कधी झाला नव्हता. मग मी त्याचं ते बोट धरलं, कात्रीचं. “हे कुठलं?”

मी थोडं दाबलं. नखाच्या बाजूने सुईचं टोक लावून पाहिलं. त्याच्या मिटलेल्या पापण्या हलल्या, कपाळाला आठी पडली. तो शोधत होता. मी श्वाससुद्धा जपून घेत होते, माझ्या श्वासातून त्याला उत्तर मिळू नये म्हणून.

“अहो,” बायकोला राहवलं नाही. “थोडं तरी कळतंय ना?”

एरवी मी तिच्यावर डाफरले असते. पण नेमका तोच प्रश्न, तसाच्या तसा, शेपटासकट, माझ्याही ओठांवर आला होता. म्हण की हो, मला वाटत होतं. एकदा म्हण. मी नाही तपासणार पुन्हा.

“नाही,” तो म्हणाला. “तुम्ही बोट धरलंय की नाही, तेही मला कळत नाहीये.”

बायकोने पलंगाची कड धरली. त्याच्या तोंडून हा शब्द ऐकायची तिला सवय नव्हती, आणि ऐकायला मिळाला तो असा. मी ते बोट हातात धरून तशीच उभी राहिले. परत येईल, काही महिन्यांत येतं कधीकधी, असं सांगायला हवं होतं. ते खरंही होतं. पण तोंडातून निघेना, आणि बोट सोडवेना.

त्याने डोळे उघडले नाहीत.

“पुढचं धरा,” तो म्हणाला.